न संपणारा डाव

जून २०२३ मध्ये एक छोटीशी चित्रफीत देशभर फिरली. विमानप्रवासात महेंद्रसिंह धोनी आपल्या आसनावर बसले आहेत, हवाई सेविका चॉकलेटांनी भरलेले तबक त्यांच्यापुढे धरते आणि त्यांच्या पुढ्यातील टॅबलेटच्या पडद्यावर ‘कँडी क्रश’ हा खेळ दिसतो. प्रसंग एवढाच. तरीही त्याची चर्चा चांगलीच रंगली. २०११ च्या विश्वचषकाचा अंतिम सामना षटकाराने संपविणारा, कोणत्याही दडपणाखाली चेहऱ्यावरची रेषा न हलू देणारा हा माणूस रिकाम्या वेळी जे करतो, तेच विरारच्या लोकलमध्ये दाराशी उभा असलेला कारकून करतो, दुपारची झाकपाक आटोपून टेकलेली गृहिणी करते आणि वर्तमानपत्र दोनदा वाचून झालेले निवृत्त आजोबाही करतात, या साम्याची लोकांना गंमत वाटली. त्या गमतीमागचा प्रश्न मात्र फारसा कोणी विचारला नाही. एका रंगाच्या तीन गोळ्या एका ओळीत आणायच्या, त्या फुटतात, वरून नव्या येतात. एवढ्याशा कृतीत असे काय आहे, की तीस वर्षे उलटून गेली तरी कोट्यवधी माणसांचे बोट तिच्यावरून हटत नाही?

हा विषय गंभीर चर्चेच्या योग्यतेचा नाही, असे अनेकांना वाटेल. रिकामटेकड्यांचा चाळा, असे म्हणून तो बाजूला सारणे सोपे आहे. परंतु ज्या गोष्टीवर समाजातील सर्व थरांतील, सर्व वयांतील माणसे रोज आपल्या आयुष्यातील काही मिनिटे खर्च करतात, ती गोष्ट क्षुल्लक राहत नाही. तिने माणसाच्या मनातील कोणती तार छेडली आहे आणि त्या तारेवर व्यापार कसा उभा राहिला आहे, हे समजून घेणे समाजहिताच्या दृष्टीने आवश्यक ठरते.

या खेळाची जन्मकथा रशियात सुरू होते. १९८४ मध्ये मॉस्कोत अलेक्सेई पाजित्नोव यांनी ‘टेट्रिस’ रचला आणि पडद्यावर पडणारे ठोकळे नीट बसविण्याच्या छंदाने जगाला झपाटले. पुढे दहा वर्षांनी, १९९४ मध्ये, येवगेनी अलेम्झिन या रशियन प्रोग्रॅमरने ‘शारिकी’ नावाचा खेळ तयार केला. शारिकी म्हणजे छोटे गोळे. शेजारचे दोन गोळे अदलाबदल करून एका रंगाचे तीन गोळे जुळवायचे, ही कल्पना त्यात स्पष्टपणे दिसते. तिला जगभर नेण्याचे काम मात्र २००० मध्ये अमेरिकेतील सिएटल येथे स्थापन झालेल्या पॉपकॅप या छोट्या कंपनीने केले. त्यांच्या ‘बिज्वेल्ड’मध्ये गोळ्यांच्या जागी रत्ने आली. आठ घरे उभी, आठ घरे आडवी, अशा चौसष्ट घरांच्या पटावर झळकणारी ती रत्ने कचेऱ्यांतील संगणकांवर पोहोचली. व्हिडिओ गेम म्हणजे किशोरवयीन मुलांनी बंदुका चालविण्याचा प्रकार, ही तोवरची समजूत या रत्नांनी मोडीत काढली. कारण हा खेळ खेळणाऱ्यांत प्रौढ स्त्रियांची संख्या मोठी होती. अमेरिकेतील रॉचेस्टर येथील ‘द स्ट्राँग’ या खेळांच्या संग्रहालयाने २०२० मध्ये या खेळाला आपल्या जागतिक सन्मानसूचीत स्थान दिले.

त्याच्या यशाचे पहिले कारण त्याच्या सौम्यपणात आहे. ‘टेट्रिस’मध्ये ठोकळ्यांची गती वाढत जाते आणि शेवट खेळणाऱ्याच्या पराभवानेच होतो. ‘बिज्वेल्ड’ घाईशिवाय खेळता येत असे. चुकीची चाल केली तर शिक्षा नाही. रत्ने मुकाट्याने आपापल्या जागी परततात. नियम सांगायला अर्धे मिनिट पुरते, वाचता न येणारे मूलही ते शिकते. दूरध्वनी आला, कुकरची शिट्टी झाली, स्थानक आले, तर खेळ तेथेच ठेवून उठता येते. ज्यांच्या वाट्याला दिवसातून सलग तासभर मोकळा वेळ कधी येतच नाही, अशा माणसांसाठी, विशेषतः घर आणि नोकरी दोन्ही सांभाळणाऱ्या स्त्रियांसाठी, हा असा खेळ होता, जो त्यांच्या वेळेच्या तुकड्यांत मावत होता.

दुसरे कारण याहून खोल आहे. विस्कटलेले नीट लावणे, वेगळे झालेले जुळविणे, यात माणसाच्या मनाला एक मूलभूत समाधान मिळते. मराठी घरांना हे समाधान नवे नाही. पितळी परातीत तांदूळ निवडत बसलेल्या आजीचा चेहरा ज्यांनी पाहिला आहे, त्यांना ते ठाऊक आहे. खडा दिसतो, बोट जाते, खडा बाहेर पडतो, पुढचा दिसतो. हात चालू असतात, मन हलके होत जाते. ठिपक्यांची रांगोळी काढताना, मोगऱ्याचा गजरा ओवताना, फुटक्या काकणांच्या रंगीत तुकड्यांनी काचापाणी खेळताना हाच अनुभव येतो. आयुष्यातील मोठे गुंते माणसाच्या हातात नसतात. मुलाची नोकरी, नवऱ्याचे आजारपण, पिकाचा भाव, कचेरीतील साहेबाची लहर, यांपैकी काहीही दोन बोटांनी सरकवून जागेवर बसविता येत नाही. अशा वेळी चौसष्ट घरांचे एक छोटेसे जग मिळते, तेथे अव्यवस्था दिसताच दूर करता येते आणि त्याची पोच त्याच क्षणी मिळते. या समाधानाची टिंगल करण्यासारखे काही नाही.

तिसरे कारण मात्र जपून पाहिले पाहिजे. तीन रत्ने जुळली की ती नाहीशी होतात, वरची खाली घसरतात, पटाच्या माथ्यावरून नवी येतात. या घसरणीत कधी कधी आपोआप आणखी तीन जुळतात, त्यांतून आणखी तीन. खेळणाऱ्याने एक चाल केलेली असते आणि पडद्यावर पाच स्फोट होतात. त्याने योजलेले फळ थोडे, पदरात पडलेले मोठे. वरून कोणती रत्ने येणार, हे त्याला ठाऊक नसते. तरी झालेले सारे आपल्याच हुशारीचे फळ, असे त्याला वाटते. ऑस्ट्रेलियातील संगणकशास्त्रज्ञ टोबी वॉल्श यांनी २०१४ मध्ये दाखवून दिले, की ‘कँडी क्रश’चे कोडे गणिती दृष्टीने अत्यंत अवघड अशा प्रश्नांच्या वर्गात मोडते. म्हणजे यात बुद्धीला वाव आहे, हे खरे. पण प्रत्यक्ष खेळात बुद्धी आणि दैव यांची अशी सरमिसळ झालेली असते, की जिंकल्यावर श्रेय बुद्धीला आणि हरल्यावर दोष दैवाला देण्याची सोय कायम राहते. मानसशास्त्रज्ञ बी. एफ. स्किनर यांनी प्राण्यांवरील प्रयोगांतून हे तत्त्व फार पूर्वी मांडले होते. ठरावीक वेळी मिळणाऱ्या बक्षिसापेक्षा केव्हा मिळेल याचा नेम नसलेले बक्षीस प्राण्याला अधिक चिकाटीने कळ दाबायला लावते.

येथपर्यंतची कथा खेळाची झाली. यापुढची व्यापाराची आहे. २००१ मध्ये ‘बिज्वेल्ड’ विकत घेणारा सुमारे वीस डॉलर एकदा देत असे आणि खेळ त्याचा होत असे. त्यानंतर तो दिवसभर खेळला काय किंवा महिनाभर शिवला नाही काय, कंपनीला त्याचे सोयरसुतक नव्हते. एप्रिल २०१२ मध्ये किंग या कंपनीने ‘कँडी क्रश सागा’ फेसबुकवर आणला आणि त्याच वर्षाच्या अखेरीस तो मोबाइलवर आला. खेळ फुकट झाला. एकेका पायरीची वाट, पाच ‘लाइफ’, हरलात तर एक कमी आणि ती परत मिळण्यासाठी तीस मिनिटांची प्रतीक्षा. ज्याला प्रतीक्षा सोसत नाही, त्याने मित्रांकडे मागावे किंवा पैसे मोजावेत. खेळ विकणे थांबले. खेळात मुद्दाम घातलेला अडथळा दूर करणे, ही विक्रीची वस्तू झाली.

मित्रांकडे मागण्याचा उपद्रव भारताने भरपूर अनुभवला. ऑक्टोबर २०१५ मध्ये फेसबुकचे संस्थापक मार्क झुकरबर्ग दिल्लीच्या आयआयटीत विद्यार्थ्यांशी संवाद साधण्यासाठी आले होते. कृत्रिम बुद्धिमत्ता, इंटरनेटचे भवितव्य अशा विषयांवर बोलण्याची संधी असलेल्या त्या सभेत ‘कँडी क्रश’ची आमंत्रणे कशी थांबवावीत, हा प्रश्न त्यांना विचारला गेला आणि सभागृहात हशा पिकला. प्रश्न थट्टेचा वाटला, तरी तो नेमका होता. शेजारधर्म, नातेसंबंध, मैत्री हे सारे त्या आमंत्रणांच्या रूपाने एका कंपनीच्या प्रचारासाठी विनामोबदला राबविले जात होते.

पैसे मोजण्याची व्यवस्थाही विचारपूर्वक रचलेली आहे. चाली संपतात तेव्हा एकच गोळी उरलेली असते. अशा वेळी पडद्यावर आणखी पाच चालींचा प्रस्ताव येतो. त्याची किंमत रुपयांत न दाखविता खेळातील सोन्याच्या विटांत दाखविली जाते. विटा आधीच घाऊक घेतलेल्या असल्याने देताना खिशाला हात लागल्याची जाणीव होत नाही. कॅनडातील वॉटर्लू विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात नेमक्या या ‘थोडक्यात हुकले’ क्षणाची तपासणी केली होती. सरळ पराभवापेक्षा हाताशी आलेला विजय निसटल्यावर खेळाडू अधिक वैतागतो आणि पुन्हा खेळण्याची त्याची ऊर्मी अधिक बळावते, असे त्यांना आढळले. पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या यंत्रांबाबत हीच गोष्ट पूर्वीपासून ज्ञात आहे. एखादी पायरी किती अवघड असावी, हेही आता अंदाजावर सोडलेले नाही. किंगच्या संशोधकांनी २०१८ मध्ये संगणकाला माणसासारखे खेळायला शिकवून नव्या पायऱ्यांची चाचणी घेण्याची पद्धत शोधनिबंधात मांडली. तांदूळ निवडणाऱ्या आजीच्या परातीत मुद्दाम मोजून खडे टाकणारा कोणी नव्हता. येथे तो आहे आणि तो रात्रंदिवस काम करतो.

या रचनेचे सामर्थ्य भल्याभल्यांना ओळखता आले नव्हते. मार्च २०१४ मध्ये किंगचे समभाग न्यूयॉर्कच्या बाजारात २२.५० डॉलर दराने आले आणि पहिल्याच दिवशी सुमारे पंधरा टक्क्यांनी घसरले. कंपनीच्या त्या वेळच्या उत्पन्नापैकी तीन चतुर्थांशाहून अधिक वाटा एकट्या ‘कँडी क्रश’चा होता. ही लाट वर्षा-दोन वर्षांत ओसरेल, असे गुंतवणूकदारांना वाटले. लाट ओसरली नाही. २०१६ मध्ये अ‍ॅक्टिव्हिजन ब्लिझर्डने ही कंपनी सुमारे ५९० कोटी डॉलरना घेतली आणि २०२३ मध्ये त्या कंपनीसह ती मायक्रोसॉफ्टच्या छत्राखाली गेली. त्याच वर्षी ‘कँडी क्रश’चे एकूण उत्पन्न २,००० कोटी डॉलरच्या पुढे गेल्याचे जाहीर झाले. तोवर खेळातील पायऱ्यांची संख्या पंधरा हजारांवर पोहोचली होती. २०२१ मध्ये इस्तंबूलच्या ड्रीम गेम्सने ‘रॉयल मॅच’ आणून दाखवून दिले, की या पटावर अजूनही नव्या धन्याला जागा आहे.

यातील आणखी एक आकडा लक्षात ठेवण्याजोगा आहे. २०१३ च्या अखेरच्या तिमाहीत किंगचे खेळ महिन्याला खेळणाऱ्यांपैकी केवळ चार टक्क्यांच्या आसपास माणसे पैसे मोजत होती, असे कंपनीच्याच कागदपत्रांतून दिसले. म्हणजे शंभरांतील शहाण्णव जण खरोखरच फुकट खेळत होते. याचा एक अर्थ असा, की बहुसंख्य लोक मोहाला बळी पडत नाहीत आणि त्याबद्दल त्यांच्या विवेकाचे कौतुक केले पाहिजे. दुसरा अर्थ असा, की हा सारा डोलारा उरलेल्या चौघांच्या खांद्यांवर उभा आहे. ते चौघे हौसेने देणारे सधन आहेत, की एकाकीपणाने आणि सवयीने ओढले गेलेले आहेत, हा प्रश्न या व्यवसायाने स्वतःला मनापासून विचारल्याचे दिसत नाही.

समतोलासाठी दुसरी बाजूही मांडली पाहिजे. हा खेळ जुगार नाही. येथे पैसे लावून पैसे जिंकता येत नाहीत. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये स्वीकारलेल्या आणि २०२२ पासून अमलात आलेल्या रोगवर्गीकरणात खेळाच्या विकाराची नोंद आहे. परंतु खेळावरचा ताबा सुटणे, इतर सर्व गोष्टींपेक्षा खेळाला अग्रक्रम मिळणे आणि हानी दिसूनही खेळत राहणे, ही त्याची लक्षणे आहेत. रोज रात्री वीस मिनिटे गोळ्या जुळविणाऱ्या माणसाला रुग्ण ठरविणे अन्यायाचे होईल. असे खेळ मनावरचा ताण हलका करतात, असे अमेरिकेतील ईस्ट कॅरोलायना विद्यापीठाच्या एका अभ्यासात आढळले होते. त्या अभ्यासाला पॉपकॅपचेच अर्थसाहाय्य होते, हे सांगणे आवश्यक आहे. तथापि रुग्णालयाच्या बाकावर शस्त्रक्रियागृहाचे दार उघडण्याची वाट पाहणाऱ्या नातेवाइकाच्या हातातील मोबाइल पाहिला, की त्या निष्कर्षात तथ्य असावे, असेच वाटते. परदेशी गेलेल्या मुलाच्या फोनची वाट पाहत पुण्यातील सदनिकेत एकट्या राहणाऱ्या वृद्धेला रंगीत गोळ्यांनी दोन घटका विरंगुळा दिला, तर तिच्या हातून तो हिसकावून घेण्याचा अधिकार कोणाला आहे? तिचा मोबाइल काढून घेण्याआधी तिच्याशेजारी बसायला कोणी आहे का, हे पाहावे.

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन खेळांसंबंधीचा कायदा संमत केला. पैसे लावून पैसे जिंकण्याच्या ऑनलाइन खेळांवर त्याने बंदी घातली आणि ई-स्पोर्ट्स व करमणुकीचे सामाजिक खेळ यांना वेगळे, मान्य स्थान दिले. कर्जापायी उद्ध्वस्त झालेल्या कुटुंबांच्या कहाण्या पाहता पहिल्या भागाची गरज होती, यात शंका नाही. कायद्याने आखलेली रेषा पणाची आहे. पण लागलेले द्रव्य म्हणजेच सगळा पण, असे मानले तर चित्र अपुरे राहते. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील अक्षसूक्तात जुगाऱ्याचा विलाप आहे. त्यात धन गेल्याचे दुःख आहेच; त्याहून तीव्र आहे ते उद्यापासून खेळणार नाही असे ठरवूनही फाशांचा आवाज येताच पाय तिकडे वळतात, याचे दुःख. स्वतःच्या निश्चयावरची सत्ता गमावणे, हे त्या सूक्ताने नेमके ओळखले होते. ‘थोडक्यात हुकले’ या क्षणाचा व्यापार करणाऱ्या खेळात पैशाचा पण नसला, तरी लक्षाचा आणि वेळेचा पण असतोच.

म्हणून बंदीची मागणी न करताही काही अपेक्षा निश्चितपणे करता येतात. खेळातील प्रत्येक खरेदीची किंमत नाण्यांत वा विटांत न दाखविता रुपयांत दाखवावी. महिन्याचा खर्च आणि खेळण्यात गेलेला वेळ खेळाडूला न मागता समोर दिसावा. जाहिरातीत जो खेळ दाखविला, तोच आत असावा. ब्रिटनच्या जाहिरात नियामकाने २०२० मध्ये ‘होमस्केप्स’ आणि ‘गार्डनस्केप्स’ यांच्या दिशाभूल करणाऱ्या जाहिरातींवर कारवाई केली होती, तसा धाक भारतातही असावा. मुलांच्या हाती असलेल्या फोनवरून पालकांच्या संमतीवाचून खरेदी होता कामा नये. आणि भारतीय अभियंत्यांनी परक्यांच्या यशस्वी खेळांच्या रंग बदललेल्या नकला करण्यात धन्यता मानू नये. कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वराने बाराव्या शतकात ‘मानसोल्लास’ या ग्रंथात क्रीडांना स्वतंत्र स्थान दिले होते. सोंगट्यांचा पट, सावंतवाडीचा गंजिफा, मोक्षपट अशी समृद्ध परंपरा ज्या भूमीत आहे, तेथून एकदा विकत घ्यावा आणि आयुष्यभर निश्चिंतपणे खेळावा असा एखादा खेळ जगापुढे का येऊ नये?

त्या जुन्या खेळांत एक गोष्ट होती, तिच्याकडे कोणी वेगळे लक्ष द्यावे असे तेव्हा वाटत नसे. त्यांना शेवट होता. सोंगट्या घरात पोहोचत, मंगळागौरीची रात्र सरून उजाडत असे, दिवेलागणीला आई हाक मारी आणि सागरगोटे परकराच्या ओच्यात जात. समोर दुसरा माणूस असे. तो दमे, रुसे, हसे आणि ‘आता पुरे’ म्हणे. रंगीत गोळ्यांच्या या खेळात पंधरा हजारावी पायरी ओलांडली तरी पुढची तयार असते आणि ‘पुरे’ म्हणणारा समोर कोणी नसतो. तो शब्द उच्चारण्याचे काम आता ज्याचे त्याला करायचे आहे. निवडलेल्या तांदळाची परात बाजूला ठेवून आजी उठत असे, कारण घरात जेवणारी माणसे होती. हातातला फोन खाली ठेवण्यासाठीही प्रत्येकाजवळ असे काही कारण असावे, आणि ते नसेल त्याला ते मिळवून देणे, हे घराचे आणि समाजाचे काम आहे.